वाऱ्यावर सोडलेली शेती : इलिनॉयच्या कृषी समित्यांना खुलं पत्र

प्रति,
कृषीविषयक समित्यांचे सन्माननीय सदस्य,
प्रतिनिधीगृह आणि सिनेट,
इलिनॉय राज्य, स्प्रिंगफील्ड

सन्माननीय सदस्यहो,

स. न. वि. वि.

कँकाकी काउंटीतल्या रेताड जमिनीवर मी भाजीपाला पिकवतो. टोमॅटो, वांगी, भेंडी, दुधी, कारली, मेथी. शिवाय द्राक्षांच्या काही ओळी. आमचं घराणं निफाड तालुक्यातलं, त्यामुळे वेल दिसला की हात शिवशिवतात, इलाज नाही. माल जातो ऑरोरा, नेपरविल, शॉमबर्ग या बाजूला, बहुतेक देशी घरांत. या पत्राची इंग्रजी प्रत तुमच्या कार्यालयांत रीतसर पोचेल. मराठीत लिहितोय ते अशासाठी की तुमच्यातल्या काहींच्या मतदारसंघांत मराठी घरं आहेत, त्यांच्या डब्यात माझी भेंडी असते, आणि ती एखाद्या जुलैत एकदम गायब का होते हे त्यांनाही कळायला हवं.

निमित्त सांगतो. डायकॅम्बा हे तणनाशक, ते सोसणाऱ्या खास बियाण्याच्या उभ्या सोयाबीनवर मारायची परवानगी 2016 मध्ये पहिल्यांदा मिळाली. जून 2020 मध्ये फेडरल अपील न्यायालयानं ती रद्द केली. त्याच वर्षी ऑक्टोबरात ती नव्या लेबलसह, म्हणजे वापराच्या नव्या अटींसह, परत आली. फेब्रुवारी 2024 मध्ये ॲरिझोनातल्या न्यायालयानं पुन्हा रद्द केली, आणि जुलै 2025 मध्ये पर्यावरण संरक्षण संस्थेनं, म्हणजे ईपीएनं, ती परत देण्याचा प्रस्ताव जाहीर केला. त्या प्रस्तावात अमुक तारखेनंतर फवारू नका अशी मुदतच नव्हती. सगळी भिस्त तापमानावर. वॉशिंग्टनचा हा लपंडाव वॉशिंग्टनला लखलाभ. माझा प्रश्न स्प्रिंगफील्डला आहे. एवढ्या वर्षांत औषध कितीदा आलं आणि गेलं, पण ते उडून ज्याच्या पिकावर पडतं त्याच्यासाठी राज्यानं काय केलं?

माझ्या शेतात हे कसं दिसतं ते आधी ऐका, कारण तुमच्यापैकी अनेकांनी सोयाबीनची पानं पाहिली असतील, टोमॅटोची नसतील. जूनमध्ये झाडं कमरेइतकी झालेली असतात, पहिला फुलोरा आलेला असतो. एका सकाळी शेंडे खाली वळलेले दिसतात. पाणी कमी पडलं असेल म्हणून ठिबक तपासावं तर माती ओली. दोन-तीन दिवसांत देठ पिळवटतात, खोड जाड होऊन मध्येच तडकतं, नवी पानं अरुंद आणि दोरीसारखी निघतात, फुलं गळतात. द्राक्षाच्या वेलीवर तर चूक होण्याची सोयच नाही. डायकॅम्बा असेल तर कोवळी पानं वाटीसारखी वर वळतात. टू-फोर-डी हे दुसरं तणनाशक असेल तर पान पंख्याच्या आकाराचं, कडा दातेरी आणि शिरा एकमेकींना चिकटून समांतर धावणाऱ्या. निफाडला हे पान शेंबडं पोरही ओळखतं. आमच्याकडे टू-फोर-डी मारलेला पंप कितीही धुतला तरी बागेत आणत नसत. इथे त्या पंपाच्या जागी 90 ते 120 फूट पंखांचं यंत्र आहे, आणि ते माझ्या बांधाला लागून फिरतं.

यातली खरी गोम अशी की पान वळतं ते फवारणीनंतर आठवड्या-दोन आठवड्यांनी. तोवर फवारा कोणी, कुठे, कधी मारला हे शोधत बसायचं काम माझं.

धान्यवाल्या शेजाऱ्याशी माझं भांडण नाही, हे आधीच स्पष्ट करतो. मका आणि सोयाबीन मिळून या राज्यात दोन कोटी एकरांहून जास्त जमीन आहे, म्हणजे निम्म्याहून अधिक इलिनॉय. सोयाबीनमध्ये आपण बहुतेक वर्षी देशात पहिले, मक्यात आयोवाच्या मागोमाग दुसरे. त्या शेतकऱ्याला छळणारं वॉटरहेम्प नावाचं तण माठ-राजगिऱ्याच्याच कुळातलं आहे. एकेक झाड लाखांनी बी टाकतं, ग्लायफोसेट या तणनाशकाला तर कधीचंच दाद देत नाही आणि इतर औषधांनाही सरावत चाललंय. त्याची अडचण मला कळते. चिखलात माझा ट्रक रुतला की ट्रॅक्टर घेऊन धावून येणारा तोच. शिवाय इथली कितीतरी जमीन खंडानं कसली जाते आणि फवारणी बाहेरच्या कंपनीला दिलेली असते. यंत्र कधी येणार हे पुष्कळदा त्या शेतकऱ्यालाही आदल्या दिवशी ठाऊक नसतं. कंपनीचं वेळापत्रक, पावसाची उघडीप, मोकळा ड्रायव्हर, या तिन्हींचा मेळ बसला की येतं.

पण हे राज्य फक्त दोन पिकांचं नाही. देशात डबाबंद होणाऱ्या भोपळ्याचा सिंहाचा वाटा इलिनॉयचा, त्यातला बराचसा मॉर्टनच्या आसपासचा. कॉलिन्सविलच्या मिसिसिपीकाठच्या मातीत हॉर्सरॅडिश हे झणझणीत कंदमूळ पिकतं, युनियन काउंटीत कोबडेनजवळ पीच, शॉनी टेकड्यांवर वाइनची द्राक्षं, मेसन काउंटीच्या वाळूत पॉपकॉर्न आणि घेवडा. तुमच्या भाषणांत ही नावं आवर्जून येतात, मॉर्टनच्या भोपळा महोत्सवात तुमचे फोटोही निघतात. कायद्यात मात्र आम्ही कुठेच नाही.

आता तक्रारी.

पहिली आणि सर्वांत मोठी. राज्याचा कीटकनाशक कायदा नियमभंग मोजतो, नुकसान मोजत नाही. फवारणाऱ्यानं लेबल पाळलं, वारा हवा तेवढाच होता, नोंदवही नीट भरली, की तो मोकळा. पण डायकॅम्बासारखं औषध फवारल्यावरही वाफ होऊन उठतं. उन्हाळ्यात संध्याकाळी वारा पडतो, जमिनीलगतची हवा गार होते आणि वर गरम हवेचं झाकण बसतं. त्याखाली ती वाफ तरंगत राहते आणि रात्रीची हलकी झुळूक तिला कुठेही नेऊन सोडते. म्हणजे नियम तंतोतंत पाळूनही शेजाऱ्याची बाग जळू शकते, आणि तसं झालं तर कायद्याच्या लेखी गुन्हाच घडलेला नसतो. माझ्याकडे आलेला राज्याच्या कृषी खात्याचा निरीक्षक भला माणूस होता. वाकून वाकून पानं पाहिली, नमुने घेतले, पट्टी ठेवून फोटो काढले. माझ्या पिकावर तणनाशकाची लक्षणं आहेत हे त्यानं अमान्य केलं नाही. शेवटी हाती आलेल्या पत्राचा अर्थ एवढाच होता की नुकसान झालेलं दिसतं, नियमभंग सिद्ध होत नाही. मी त्या माणसाला दोष देत नाही. त्याच्या हातात जो कायदा दिला आहे तो तुमचा आहे.

दुसरी. नियमभंग सिद्ध झाला तरी माझ्या पदरात काय? चूक किती गंभीर याला गुण देणारा तक्ता लावून सूचनापत्र, ताकीदपत्र किंवा दंड. दंड 750 डॉलरपासून जास्तीत जास्त 10,000 डॉलरपर्यंत. तो जातो सरकारजमा. नुकसान भरून मिळवून देण्याचा अधिकार खात्याला नाही, हे खातं स्वतःच सांगतं. भरपाई हवी तर दिवाणी दावा लावा. शेजारच्या मिसूरीत एका मोठ्या पीच बागायतदारानं औषध कंपन्यांवर 2016 मध्ये दावा लावला. 2020 मध्ये ज्युरीनं 26.5 कोटी डॉलर देण्याचा निकाल दिला. पुढे न्यायालयानं ती रक्कम बरीच खाली आणली आणि अपिलं चालूच राहिली. त्याच्याकडे हजार एकरांची बाग होती, वकील होते, चिकाटी होती. माझ्यासारख्यानं टोमॅटोच्या एका हंगामासाठी इतकी वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवायच्या का?

तिसरी, विमा. गारपीट, दुष्काळ, पूर यांसाठी फेडरल पीकविमा आहे आणि त्याच्या हप्त्यात सरकारचा भरघोस वाटाही आहे. उडून आलेल्या तणनाशकाला तो विमा लागू होत नाही, कारण ते नैसर्गिक संकट नाही. म्हणजे विमावाला म्हणतो हे माणसानं केलं, आणि कायदा म्हणतो कोणाही माणसानं नियम मोडला नाही. मग केलं कोणी?

चौथी, 30 दिवसांची मुदत. नुकसान झाल्यापासून किंवा पहिल्यांदा लक्षात आल्यापासून 30 दिवसांत तक्रार आली नाही तर खातं ती नोंदवून ठेवतं, कारवाई करू शकत नाही. जून-जुलैत भाजीवाल्याला जेवायला फुरसत नसते. त्यातून पान कशानं वळलं, विषाणू की औषध, याची खात्री करण्यातच दिवस जातात. नव्यानं आलेल्या, इंग्रजीशी झटापट करणाऱ्या छोट्या भाजीवाल्यांना ही मुदत आहे हेच ठाऊक नसतं. शिवाय झाडाच्या आत औषधाचे अंश टिकून राहत नाहीत. निरीक्षक उशिरा आला तर नमुन्यात सापडण्यासारखं फारसं उरलेलंच नसतं.

पाचवी तक्रार संवेदनशील पिकांच्या नकाशाबद्दल. फील्डवॉच या ऑनलाइन नकाशावर नाव नोंदवा, बांधावर फलक लावा, असं आम्हाला दरवर्षी सांगतात. नोंदवलं, फलकही लावला. पण नोंदणी ऐच्छिक, त्यासाठी किमान अर्धा एकर व्यापारी पीक हवं, आणि नकाशा पाहिल्यावर शेजाऱ्याला फोन करण्याची सक्ती कोणावर नाही. फवारणाऱ्यानं नकाशा पाहिला आणि तरीही फवारलं, तर पाहिल्याचं पुण्य त्याला.

माल कुजवावा लागतो हे वेगळंच. ज्या पिकासाठी त्या औषधाची मान्यताच नाही त्यात त्याचा अंश सापडला तर तो माल विकता येत नाही. झाड पुढे सावरलं तरी मी तो टोमॅटो कोणाच्या घरी कसा पाठवू?

"मग सगळ्यांनीच औषध सोसणारं बियाणं घ्या" हे उत्तर सोयाबीनवाल्यांना मिळालं आणि अनेकांनी ते नाइलाजानं स्वीकारलं. शेजाऱ्याच्या फवाऱ्यानं आपलं पीक जाऊ नये म्हणून डायकॅम्बा सोसणारं बी घेतलेले शेतकरी मला माहीत आहेत. डायकॅम्बा त्यांनी स्वतः कधी मारलाही नाही. एक प्रकारची खंडणीच ती. पण डायकॅम्बा सोसणारा टोमॅटो बाजारात नाही, द्राक्ष नाही, भोपळा नाही, मेथी नाही. आम्हाला तोही मार्ग बंद.

हे रडगाणं माझ्या एकट्याचं नाही, आणि आकडे खात्याचेच आहेत. 1989 ते 2016 या काळात कीटकनाशकांच्या गैरवापराच्या सगळ्या मिळून वर्षाला सरासरी 110 च्या आसपास तक्रारी येत. 2017 मध्ये एकट्या डायकॅम्बाच्या 246 आल्या, 2018 मध्ये 330, 2019 मध्ये 724. त्यानंतर राज्यानं दोन चांगल्या अटी घातल्या: 20 जूननंतर फवारणी नाही, आणि तापमान 85 अंश फॅरनहाइटच्या, म्हणजे सुमारे 29 सेल्सिअसच्या वर असेल तर नाही. राज्याला ठरवायचं तर ठरवता येतं, हे तेव्हा दिसलं. पण ऑक्टोबर 2020 मध्ये ईपीएनं राज्यांना सांगितलं की यापुढे जादा निर्बंध हवे असतील तर ते लेबलाच्या आडवाटेनं नव्हे, राज्याच्या स्वतःच्या अधिकारातून आणा. तो अधिकार वापरायचा तर चेंडू तुमच्याच अंगणात आहे.

आणखी एक गोष्ट न्यायानं मान्य करतो. माणसांच्या अंगावर फवारा उडाला तर दंड वाढवणारा कायदा तुम्ही 2023 मध्ये केलात आणि तो 1 जानेवारी 2024 पासून लागू झाला. चांगलं केलंत. त्याच वेळी पिकावर उडालेल्या फवाऱ्याकडेही पाहता आलं असतं. मी महाराष्ट्रातला आहे. 2017 मध्ये यवतमाळ जिल्ह्यात फवारताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर गेले, तेव्हा कुठे तिथलं सरकार खडबडून जागं झालं. कायद्याला हलवण्यासाठी माणूसच जायला हवा, हा शिरस्ता दोन्हीकडे सारखाच दिसतो.

उपनगरांत राहणाऱ्या वाचकांना हा प्रश्न दूरचा वाटत असेल तर एप्रिल-मेनंतर गावाबाहेरच्या रस्त्यांवरच्या ओक आणि रेडबडची पानं जवळून पाहावीत. प्रेअरी रिव्हर्स नेटवर्क ही संस्था 2018 पासून अशी झाडं तपासतेय आणि पाहिलेल्या जवळजवळ प्रत्येक ठिकाणी तिला तणनाशकाच्या खुणा सापडल्यात. सेंट लुईसला बियाण्यांच्या आणि औषधांच्या कंपन्यांत आपली पुष्कळ हुशार मंडळी काम करतात. ही वाफ कशी उठते हे त्यांना माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे. त्यांनीही आपल्या आमदाराला दोन ओळी लिहिल्या तर वजन पडेल.

मागण्या साध्या आहेत.

एक. भरपाई निधी उभारा. प्रत्येक तणनाशकाच्या नोंदणीसाठी कंपन्या राज्याकडे शुल्क भरतातच. हवेत उडणाऱ्या औषधांवर त्यात थोडी भर घाला. निरीक्षकानं नुकसान मान्य केलं की नियमभंग सिद्ध होवो न होवो, पैसे या निधीतून मिळावेत. शेजारी शेजाऱ्यावर दावा लावणार नाही, गावात वैर वाढणार नाही. बाकी सगळं बाजूला ठेवून एकच गोष्ट करणार असाल तर ही करा.

दोन. 20 जून आणि 85 अंश या अटी राज्याच्या कायद्यात लिहा, म्हणजे वॉशिंग्टननं लेबल बदललं तरी त्या हलणार नाहीत.

तीन. नोंदणीकृत संवेदनशील पीक एका मैलाच्या आत असेल तर फवारणी कंपनीनं किमान 48 तास आधी त्या शेतकऱ्याला कळवणं सक्तीचं करा. मोबाइलवर एक मेसेज, एवढंच. मला रोपं झाकता येतील, नाहीतर निदान तारीख तरी लिहून ठेवता येईल. हवामान पाहून शेवटच्या घडीला ठरतं हे मला मान्य आहे. म्हणून "या दोन दिवसांत येऊ" असं कळवलं तरी चालेल.

चार. मर्यादित वापराच्या, म्हणजे परवानाधारकालाच वापरता येणाऱ्या, औषधांच्या नोंदी दोन वर्षं ठेवणं फेडरल नियमानं बंधनकारक आहेच. नुकसान झालेल्या शेजाऱ्यानं मागितल्यावर त्या दाखवणं राज्यानं बंधनकारक करावं.

पाच. तक्रारीची मुदत 30 वरून 90 दिवस करा, आणि तक्रार आल्यापासून तीन दिवसांत नमुना घेतला जाईल इतके निरीक्षक नेमा. मुदत वाढवून माणसं वाढवली नाहीत तर उपयोग शून्य.

सहा. नकाशावर येण्यासाठीची अर्ध्या एकराची अट काढा.

यातली एकही मागणी डायकॅम्बावर बंदी घाला असं म्हणत नाही, हे लक्षात घ्या. बंदी हवी असं मला व्यक्तिशः वाटतं, पण त्या वादात पडलो तर उरलेलं सगळं पुन्हा पाच वर्षं लांबेल.

वसंत अधिवेशन 31 मेला संपतं. त्यानंतर मंजूर झालेलं विधेयक लगेच लागू करायचं तर तीन-पंचमांश मतं लागतात, आणि तोवर यंत्रं शेतात उतरलेली असतात. म्हणून हे विधेयक तुमच्यापैकी कोण मांडणार आणि समितीपुढे ते कधी येणार, एवढं लेखी कळवा. सुनावणीला मी साक्ष द्यायला येईन. फोटो, निरीक्षकाचं पत्र आणि त्या हंगामाचा हिशेब सोबत आणेन; कोबडेनच्या पीचवाल्यांना आणि मेसन काउंटीतल्या घेवडेवाल्यांनाही यायला सांगेन.

कळावे,

आपला,
कँकाकी काउंटीतला एक भाजीपाला शेतकरी